कसाब तर हाती सापडला होता, मग तपास कसला?

१. सगळ्यांना ठाऊक असलेली गोष्ट

२६/११ चा, म्हणजे २००८ च्या मुंबईवरच्या दहशतवादी हल्ल्याचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास येतो. विचारणारा कधी कॉलेजातला मुलगा असतो, कधी निवृत्त बँक कर्मचारी. शब्द थोडे इकडचे तिकडे होतात, प्रश्न तोच राहतो. 'अहो, त्याचा बंदूक घेतलेला फोटो अख्ख्या जगाने पाहिला. पोलिसांनी त्याला जिवंत पकडला. मग शोधायचं काय उरलं होतं? अकरा हजार पानांचं दोषारोपपत्र कशासाठी?'

वाड्यातल्या आंब्याची गोष्ट आठवा. परसातले आंबे रोज कोण पाडतो हे वाड्यातल्या प्रत्येकाला ठाऊक असतं. मालक एक दिवस सगळ्यांना अंगणात बोलावतो आणि विचारतो, 'तुमच्यापैकी कुणी पाहिलं?' तेव्हा जो तो म्हणतो, 'मी नाही बुवा पाहिलं, पण सगळ्यांना माहीत आहे.' न्यायालय त्या मालकासारखं असतं. 'सगळ्यांना माहीत आहे' या वाक्याला त्याच्याकडे काडीची किंमत नाही. कुणी पाहिलं, कधी, किती अंतरावरून, उजेड किती होता, हे ते विचारतं.

दुसरी अडचण याहून मोठी. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री अजमल कसाब आणि त्याचा साथीदार अबू इस्माईल छत्रपती शिवाजी टर्मिनस, कामा रुग्णालय, रंगभवनची गल्ली या मार्गाने गिरगाव चौपाटीपर्यंत गेले. त्याच रात्री हल्ला झालेल्या ताज हॉटेलमध्ये कसाबने पाऊल ठेवलं नाही. ओबेरॉय-ट्रायडंट, नरिमन हाउस आणि लिओपोल्ड कॅफेमध्येही तो गेला नाही. तरी त्याच्यावरचा खटला सगळ्या १६६ मृत्यूंचा होता. फोटोतून काय कळतं? एक तरुण, एक बंदूक, एक स्थानक. या सगळ्या ठिकाणी हल्ला करणारे दहाजण एकाच कटातले, एकाच होडीतून आलेले आणि एकाच ठिकाणाहून पाठवलेले होते, हे कोणत्याच फोटोत दिसत नाही. ते जोडून दाखवणं हा तपासाचा खरा भाग होता. त्याला तीन महिने लागले. २५ फेब्रुवारी २००९ रोजी दोषारोपपत्र दाखल झालं, त्यात तीन अटकेतले आणि ३५ फरार आरोपी होते.

२. पहिली रात्र

हल्ल्यानंतरच्या पहिल्या काही तासांत पोलिसांच्या दोन कामांचं एकमेकांशी जमत नाही. जखमींना उचलायचं, वाट मोकळी करायची, आणखी कुठे बॉम्ब आहे का ते पाहायचं, हे झालं पहिलं काम. जे जसं पडलंय तसंच राहू द्यायचं, हे दुसरं. घरात चोरी झाली की आई म्हणते, 'पोलीस येईपर्यंत कशाला हात लावू नका.' पण शेजारी कुणी रक्तबंबाळ पडलेला असताना हात न लावून कसं चालेल? अशा वेळी जीव वाचवणं आधी येतं आणि पुरावा थोडाफार तुडवला जातो. हे सगळ्या जगात होतं आणि त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही.

त्या रात्रीचा एक तपशील अजूनही अंगावर काटा आणतो. स्थानकावरच्या गोंधळात प्रवाशांनी टाकलेल्या बॅगा गोळा करून एका ठिकाणी ठेवल्या होत्या. पुढे त्या ढिगातल्या एका बॅगेत जिवंत बॉम्ब निघाला. तो दिवस होता ३ डिसेंबर, म्हणजे हल्ल्याला आठवडा उलटला होता. तोवर स्थानक नेहमीसारखं सुरू झालेलं होतं.

आता एक शब्द समजून घेऊ, कारण तो पुढे सारखा येणार आहे. तो म्हणजे पंचनामा. पोलिसांना एखादी वस्तू सापडली की ती 'आम्हाला अशी सापडली' असं त्यांनी स्वतःच लिहून भागत नाही. शेजारपाजारचे दोन तटस्थ लोक बोलवायचे, त्यांच्या डोळ्यांदेखत वस्तू उचलायची, कुठे पडली होती, कशी होती, रंग कोणता, नंबर काय, हे सगळं लिहायचं आणि त्यांच्या सह्या घ्यायच्या. हे दोघे म्हणजे पंच. पुढे कितीतरी वर्षांनी त्यांना कोर्टात उभं राहून 'होय, ही तीच वस्तू, माझ्यासमोर उचलली' असं सांगावं लागतं. आपल्याकडे पंच व्हायला कुणी राजी नसतं, आणि त्यांचंही चुकत नाही. कामधंदा बुडवून कोर्टाच्या बाकावर बसून राहायचं, आणि वर वकिलाने विचारायचं, 'त्या दिवशी तुम्ही नेमके तिथेच कसे होतात?' तरीही नोव्हेंबरच्या त्या रात्री आणि पुढच्या दिवसांत माणसं पंच म्हणून उभी राहिली. त्यांची नावं वर्तमानपत्रांत आली नाहीत.

नवीन कायद्याने यात भर घातली आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनुसार झडती आणि जप्तीचं चित्रीकरण करावं लागतं. सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांत न्यायसहायक (फॉरेन्सिक) तज्ज्ञांनी जागेवर यावं अशीही तरतूद आहे. २००८ मध्ये यातलं काहीच सक्तीचं नव्हतं.

३. एसटीने पाठवलेला लोणच्याचा डबा

वस्तू सापडली, पंचांच्या सह्या झाल्या, पण काम अर्धंच झालं. पूर्वी कोकणातून मुंबईच्या मुलाला लोणच्याचा डबा पाठवत ते आठवा. डब्याला फडकं शिवायचं, वर नाव लिहायचं आणि एसटीच्या कंडक्टरच्या हाती द्यायचा. मुलगा स्टँडवर घ्यायला गेला की आधी टाके पाही. टाके उसवलेले दिसले तर आईने भरलेलं लोणचं आतमध्ये पूर्ण आहे की वाटेत कुणी हात मारला, हे सांगणार कोण? डबा तोच असेल, पण खात्री संपली.

पोलिसांच्या मुद्देमालाचं तसंच आहे. वस्तू पाकिटात घालायची, दोरा बांधायचा, लाखेचं सील ठोकायचं, वर पंचांच्या सहीचं लेबल लावायचं. मग ती ठाण्याच्या मुद्देमाल कक्षात नोंदवायची, तिथून कुणी काढली, कलिना येथील न्यायसहायक प्रयोगशाळेत कुणी नेली, तिथे सील शाबूत होतं का, परत केव्हा आली, याची एक न तुटणारी साखळी हवी. साखळीतली एक कडी निसटली की बचावाचा वकील तिथेच बोट घालतो. त्याचं ते कामच आहे.

हा भाग लोकांना कारकुनी वाटतो. चित्रपटातला तपास अधिकारी कधी रजिस्टरमध्ये नोंद करताना दिसत नाही. पण खटले याच रजिस्टरमध्ये जिंकले जातात आणि हरलेही जातात.

रुग्णालयाकडेही याच नजरेने पाहायला हवं. जखमीच्या मांडीतून डॉक्टरांनी काढलेली गोळी त्यांच्या लेखी उपचाराचा भाग, तपासाच्या लेखी मुद्देमाल. ती का महत्त्वाची, हे चकलीच्या सोऱ्यावरून कळेल. सोऱ्याच्या चकतीच्या एका दाताला बारीक खोच पडली असेल, तर त्यातून निघणाऱ्या प्रत्येक चकलीवर तीच रेघ उमटते. शेजारणीच्या सोऱ्याची चकली वेगळी दिसते. बंदुकीच्या नळीत आतून पिळाच्या खाचा असतात. नळीतून जाताना गोळीवर त्यांचे ओरखडे उठतात आणि मागे पडलेल्या काडतुसाच्या बुडावर बंदुकीच्या पिनेचा ठसा राहतो. एकाच कारखान्यातल्या दोन बंदुका दिसायला सारख्या, ओरखडे मात्र ज्याचे त्याचे. जप्त केलेली बंदूक प्रयोगशाळेत झाडून बघायची, तिच्या ओरखड्यांची जखमीच्या अंगातून निघालेल्या गोळीशी तुलना करायची. जुळलं तर 'त्याच्या हातात बंदूक होती' हे वाक्य 'याच बंदुकीने हा माणूस मेला' इथपर्यंत पोचतं.

४. कुबेरवर राहिलेलं सामान

दहाजण पोरबंदरची 'कुबेर' ही मासेमारी नौका बळकावून मुंबईच्या दिशेने आले. नौकेचा तांडेल अमरसिंह सोलंकी याला त्यांनी मुंबईजवळ आल्यावर मारलं, बाकीच्या चार खलाशांना त्याआधीच. मग रबरी होडीत बसून ते कफ परेडला बधवार पार्कसमोरच्या मच्छीमार नगरात उतरले.

कुबेर बुडवून टाकायची असं ठरलं होतं. तसं झालं असतं तर तपासाचा निम्मा पाया समुद्राच्या तळाशी गेला असता. पण दुसरी बोट जवळ येताना दिसली, घाई झाली आणि कुबेर तशीच तरंगत राहिली. दुसऱ्या दिवशी ती सापडली. सोबत सोलंकीचं प्रेत, सॅटेलाइट फोन, जीपीएस आणि रोजच्या वापराचं किरकोळ सामान होतं. त्यात दाढीचं क्रीम, टूथपेस्ट, दूध पावडर, लोणच्याची पाकिटं, पीठ, ब्लँकेटं अशा वस्तू होत्या, आणि कित्येकांवर पाकिस्तानात बनल्याचा छाप होता.

इथे थांबून एक प्रश्न विचारू. पाकिस्तानी टूथपेस्ट सापडली म्हणजे माणूस पाकिस्तानी, हे सिद्ध झालं का? अजिबात नाही. दुबईहून आलेल्या नातेवाइकाने कुणालाही अशी ट्यूब दिली असेल. एकटा पुरावा बहुतेक वेळा लंगडाच असतो. तपासाचं कसब तो दुसऱ्याच्या खांद्यावर उभा करण्यात आहे.

दुसरा खांदा डीएनएचा होता. हळद कुटणाऱ्या बाईचा हात दाराच्या कडीला लागला की कडी पिवळी होते आणि हाताला गंजही लागतो. दोन वस्तू एकमेकींना भिडल्या की थोडं इकडचं तिकडे आणि तिकडचं इकडे होतंच. फ्रान्समधल्या ल्यों शहरात १९१० मध्ये पोलीस प्रयोगशाळा उभारणाऱ्या एडमंड लोकार्डचं हे तत्त्व आज जगभरचे तपास अधिकारी शिकतात. माणसाच्या घामातही त्याच्या पेशी राहतात आणि पेशींत त्याची आनुवंशिक खूण असते. कुबेरवरच्या कपड्यांवर आणि ब्लँकेटांवर राहिलेल्या घामातून काढलेली खूण कसाबशी आणि मेलेल्या काही हल्लेखोरांशी जुळली. ताजमध्ये मेलेला माणूस आणि स्थानकावर गोळ्या झाडणारा माणूस एकाच नौकेत झोपले होते, हे त्यातून उभं राहिलं.  

तिसरा खांदा होता जीपीएस यंत्रांचा. मोटरमन आपल्या वहीत स्थानकांची नावं लिहून ठेवतो तसे यात वाटेवरचे टप्पे साठवलेले असतात. अमेरिकेच्या एफबीआयच्या तज्ज्ञांनी ते उघडले तेव्हा कराचीच्या किनाऱ्याकडून मुंबईपर्यंतची वाट त्यात उमटलेली होती.

चौथा मला सगळ्यांत आवडतो, कारण तो अगदी गॅरेजवाल्याच्या डोक्यातला आहे. रबरी होडीला यामाहाचं इंजिन होतं. त्यावरचा नंबर खरवडून टाकलेला होता. पण कारखाना नंबर एकाच जागी घालत नाही. चोरीची मोटारसायकल विकणाऱ्यालाही हे अनुभवाने कळतं. दुसऱ्या जागचा नंबर वाचून कंपनीकडे चौकशी झाली, तेव्हा ते इंजिन जपानहून लाहोरच्या एका व्यापारी कंपनीला रवाना झाल्याचं निघालं. पाकिस्तानच्या एफआयए या तपास यंत्रणेचे त्या काळचे प्रमुख तारिक खोसा यांनी २०१५ मध्ये कराचीच्या 'डॉन' दैनिकात लेख लिहून आपल्या बाजूच्या तपासात इंजिनाचा माग लाहोरमार्गे कराचीतल्या दुकानापर्यंत लागल्याचं सांगितलं. दोन देशांच्या पोलिसांना एकाच इंजिनाने लाहोरच्या एकाच वाटेवर नेऊन सोडलं.

५. परक्या पत्त्यावरून आलेले फोन

नौकेने दहाजणांना एकत्र बांधलं. त्यांना पाठवलं कुणी, हे फोनने दाखवलं.

हल्ला चालू असताना ताज, ओबेरॉय आणि नरिमन हाउसमधले हल्लेखोर आपल्या सूत्रधारांशी मोबाइलवर बोलत होते. दहशतवादविरोधी पथकाला, म्हणजे एटीएसला, त्यांचे नंबर मिळाले आणि बोलणं ऐकू येऊ लागलं. पण ज्या नंबरवरून फोन येत होते तो अमेरिकेतला होता. हे कसं?

कल्पना करा, कोल्हापूरच्या माणसाला आपला पत्ता कळू द्यायचा नाही. तो पत्र लिहून पुण्यातल्या ओळखीच्या दुकानदाराकडे पाठवतो, दुकानदार त्यावर आपल्या दुकानाचा शिक्का मारून पुढे नागपूरला टाकतो. नागपूरकराला शिक्का पुण्याचा दिसतो. इंटरनेटवरून होणाऱ्या फोनचं असंच आहे. आवाज इंटरनेटवरून एखाद्या कंपनीकडे जातो आणि पुढे तिच्या नंबरवरून निघतो. इथला 'पुण्याचा दुकानदार' होता न्यू जर्सीतली एक कंपनी. तिच्याकडचं खातं 'खरक सिंग' या नावाने उघडलेलं होतं आणि त्याचे पैसे परदेशातून मनीऑर्डरसारख्या सेवांनी भरलेले होते, त्यातला एक भरणा इटलीच्या ब्रेशिया शहरातून. हे सगळं कागदावर आणायला परदेशी कंपन्यांचे दप्तर आणि एफबीआयच्या अधिकाऱ्यांच्या साक्षी लागल्या.

बोलण्यातला मजकूर मात्र कोणत्याही खात्याहून मोलाचा ठरला. एका संभाषणात सूत्रधार ताजमधल्या माणसाला विचारतो की नौका बुडवली का, आणि तो कबूल करतो की घाईत राहून गेलं, फोनही तिथेच राहिला. ताजमधल्या माणसाने हे सांगितलं आणि कुबेर आपोआप ताजला जोडली गेली. पकडल्या गेलेल्या साथीदाराचाही विषय त्या फोनवर निघाला. कसाबचा आवाज या ध्वनिफितींत कुठेच नाही. पण त्याला आपला म्हणणारे आवाज त्यात आहेत.

एका सूत्रधाराच्या तोंडून 'प्रशासन' हा शब्द निघाला आणि ऐकणाऱ्यांचे कान टवकारले, कारण पाकिस्तानात बोलताना तो सहसा येत नाही. पुढे बीड जिल्ह्यातल्या गेवराईचा झबिउद्दीन अन्सारी जून २०१२ मध्ये सौदी अरेबियातून भारताच्या ताब्यात आला. तो आवाज त्याचा होता, असा तपास यंत्रणांचा आरोप आहे. बाकीच्या आवाजांचे नमुने भारताने मागितले, पण पाकिस्तानकडून ते मिळाले नाहीत.

६. कबुली कुणासमोर?

आता सर्वांत अवघड भाग. नायर रुग्णालयात खाटेवर पडलेला कसाब पोलिसांच्या प्रश्नांना उत्तरं देतोय, हे चित्रीकरण टीव्हीवर आलं. पाहणाऱ्यांनी मनातल्या मनात खटला तिथेच निकालात काढला. कायद्याच्या लेखी मात्र ते चित्रीकरण कबुलीजबाब नव्हतंच.

१८७२ च्या पुरावा कायद्याचं २५ वं कलम सांगत होतं की पोलिसासमोर दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध वापरता येणार नाही. आता जुना कायदा जाऊन भारतीय साक्ष्य अधिनियम आला, तरी नियम तोच आहे. इंग्रजांनीच घालून ठेवलेला हा नियम आहे, आणि आपल्या शिपायांना ते चांगले ओळखत होते. मार देऊन कबुली घेतली की पुढचा तपास करायची गरज उरत नाही, आणि खरा गुन्हेगार बाहेर हिंडत राहतो.

याला एक खिडकी आहे. पोलिसाने 'सांग, घागर कुठे आहे' विचारलं, आरोपीने 'मागच्या विहिरीत टाकली' सांगितलं आणि पंचांसमोर विहिरीत उतरल्यावर घागर खरंच मिळाली, तर तेवढा तुकडा पुरावा होतो. कारण घागर कुणाच्या मारामुळे विहिरीत जात नाही. 'मी चोरली' हे शब्द गळतात, 'विहिरीत आहे' हे राहतं.

बाकी कबुली द्यायची तर ती दंडाधिकाऱ्यासमोर. फेब्रुवारी २००९ मध्ये कसाबला एका महिला दंडाधिकाऱ्यांसमोर नेलं. पोलिसांना खोलीबाहेर काढून त्यांनी त्याला बजावलं की कबुली देण्याची सक्ती नाही, दिलीस तर ती तुझ्याविरुद्ध वापरली जाईल. विचाराला वेळ दिला, पुन्हा बोलावलं, पुन्हा विचारलं. त्यानंतरच जबाब लिहिला गेला. त्याच्या सांगण्यात पश्चात्ताप नव्हता. आपल्यापासून इतरांनी स्फूर्ती घ्यावी, असा त्याचा सूर होता. खटल्यात त्याने हा जबाब नाकारला. २० जुलै २००९ रोजी त्याने भर न्यायालयात अचानक गुन्हा कबूल केला, डिसेंबरमध्ये तेही मागे घेतलं. जुलैच्या कबुलीत त्याने बराचसा भार मेलेल्या इस्माईलवर टाकला होता. विशेष न्यायाधीश एम. एल. तहलियानी यांनी ती नोंदवून घेतली आणि साक्षी पुढे चालू ठेवल्या. ते केलं नसतं तर डिसेंबरमध्ये हातात काय उरलं असतं?

२९ ऑगस्ट २०१२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दंडाधिकाऱ्यांसमोरची कबुली स्वेच्छेची मानली. त्याच निकालात त्यांनी सगळ्या दंडाधिकाऱ्यांना आदेश दिला की आरोपी पहिल्यांदा समोर आला की वकील मिळण्याचा हक्क त्याला समजावून सांगा. २१ नोव्हेंबर २०१२ ला येरवड्यात कसाबला फाशी झाली. तो आदेश मात्र उद्या दुचाकीच्या चोरीत पकडलेल्या पोरालाही लागू आहे.

७. ओळख परेड, आणि एक उलटी गोष्ट

ओळख परेड म्हणजे आरोपीसारख्या दिसणाऱ्या, साधारण त्याच वयाच्या लोकांत आरोपीला उभं करायचं आणि साक्षीदाराला ओळखायला सांगायचं. पोलीस तिथे नसावेत. शक्य तितक्या लवकर घ्यावी, कारण आठवण ताकासारखी असते, ठेवली की आंबते.

हे सगळं फसलं तर काय होतं, याचं उदाहरण मुंबईनेच दिलंय. ११ जुलै २००६ च्या संध्याकाळी पश्चिम रेल्वेच्या लोकलच्या पहिल्या वर्गाच्या डब्यांत ११ मिनिटांत सात स्फोट झाले, १८० हून अधिक माणसं मेली. २०१५ मध्ये विशेष न्यायालयाने १२ जणांना दोषी धरलं, त्यातल्या पाच जणांना फाशी सुनावली. २१ जुलै २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने बाराही जणांना निर्दोष ठरवलं. का, ते पाहिलं तर आपण आतापर्यंत शिकलेलं सगळं उलट्या बाजूने दिसतं. टॅक्सीचालकांनी आरोपींना ओळखलं ते शंभराहून अधिक दिवसांनी. ज्याने परेड घेतली त्याला तो अधिकारच नव्हता, असं न्यायालयाला आढळलं. जप्त केलेली स्फोटकं नीट सीलबंद नव्हती, म्हणजे लोणच्याच्या डब्याचे टाके उसवलेले. बॉम्ब कोणत्या प्रकारचा होता, हेच नक्की सिद्ध करता आलं नाही. संघटित गुन्हेगारीविरोधातल्या मोक्का कायद्यात अपवाद म्हणून वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यासमोरची कबुली चालते, पण या कबुल्यांचे मजकूर एकमेकांसारखे निघाले आणि छळ झाल्याचा आरोप न्यायालयाला खरा वाटला. तीन दिवसांनी सर्वोच्च न्यायालयाने इतर खटल्यांत हा निकाल दाखला म्हणून वापरायला स्थगिती दिली, सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवलं नाही. स्फोटांपासून या निकालापर्यंत १९ वर्षं गेली. लोकलमध्ये मेलेल्यांच्या घरच्यांना बॉम्ब कुणी ठेवला, हे आज कुणी सांगू शकत नाही, आणि तुरुंगात गेलेली वर्षं त्या बाराजणांना कुणी परत देऊ शकत नाही.

८. कोरा करकरीत नकाशा

२६/११ चा तपासही सगळीकडे पक्का नव्हता, हे इथे नोंदवायलाच हवं. कसाबच्या शेजारी आणखी दोन आरोपी होते, फहीम अन्सारी आणि सबाउद्दीन अहमद. मुंबईतल्या ठिकाणांचे हाताने काढलेले नकाशे त्यांनी सूत्रधारांना पुरवले, असा आरोप होता. पुरावा म्हणून एक नकाशा होता. गिरगावला मारला गेलेल्या इस्माईलच्या पँटच्या खिशात तो मिळाला, असं पोलिसांचं म्हणणं.

न्यायाधीशांनी नकाशा पाहिला. पँट रक्ताने भिजलेली, आणि खिशातला कागद मात्र स्वच्छ, चुरगळलेलासुद्धा नाही. समुद्रातून येऊन, गोळीबार करत, गाड्या पळवत, शेवटी गोळ्या लागून पडलेल्या माणसाच्या खिशात असा कागद? घरात कपडे धुणाऱ्या कुणालाही विचारा, खिशात राहिलेल्या कागदाचं काय होतं. ३ मे २०१० रोजी दोघेही सुटले. उच्च आणि सर्वोच्च न्यायालयांनीही ते कायम ठेवलं. कसाबला दोषी धरणाऱ्या त्याच न्यायालयाने, त्याच दिवशी, शेजारच्या दोघांना सोडलं होतं.

मग हल्लेखोरांना ताजची दारं, नरिमन हाउसची गल्ली कुणी दाखवली होती? ते उत्तर मुंबईच्या फायलीत नव्हतंच. ऑक्टोबर २००९ मध्ये शिकागोत डेव्हिड हेडली पकडला गेला. तो अमेरिकी पासपोर्टवर मुंबईत अनेकदा येऊन राहिला होता, त्याने ठिकाणांचं चित्रीकरण केलं होतं आणि समुद्रावरून उतरायच्या जागांची पाहणीही केली होती. खटला चालू असताना मुंबई ज्या कागदाच्या घडीवर भांडत होती, त्या कागदाची हल्लेखोरांना गरजच पडली नसावी. फेब्रुवारी २०१६ मध्ये मुंबईच्या सत्र न्यायालयातल्या पडद्यावर हेडलीने अमेरिकेतल्या तुरुंगातून माफीचा साक्षीदार म्हणून साक्ष दिली. त्याचा जुना मित्र आणि याच हल्ल्यातला आरोपी तहव्वूर राणा याला १० एप्रिल २०२५ रोजी विमानाने दिल्लीत आणलं, आणि राष्ट्रीय तपास यंत्रणेच्या खोलीत नव्याने जबाब लिहायला सुरुवात झाली.